एक वीत मोकळी

कुंभकोणमला शरद ऋतू येतो तो फक्त पंचांगात. उन्हाळा आणि पाऊस यांच्या मधे जी काही चिंचोळी फट असेल, तिच्यात तो अंग चोरून बसतो. पण आमच्या घरात तो ओळखायची एक खूण होती. परसातल्या कुंपणावर रानतोंडलीचा वेल माजलेला असायचा, ज्याला तमिळमध्ये कोवै म्हणतात. पुरट्टासी महिना, म्हणजे भाद्रपद-आश्विन, लागला की त्याची फळं पिकून लालभडक व्हायची. मग पोपट यायचे, आणि पोपटांच्या मागोमाग काठी उगारत पंकजा अत्ते यायची.

“तुमची नवरात्र नव्हे, माझी आहे. चला!” असं ती पोपटांना मराठीत सांगायची. शेजारच्या अलमेलु मामी म्हणायच्या, पोपट तमिळ आहेत, त्यांना काय कळणार. पण जायचे खरे.

पंकजा अत्ते म्हणजे माझ्या अप्पांची थोरली बहीण. टेलिफोन खात्यात होती. नंबर सांगून फोन जोडून घ्यायचा काळ होता तेव्हा गावातले निम्मे लोक तिला आवाजावरून ओळखायचे, आणि भाजीबाजारात ती ‘कत्तरिक्काय काय भाव’ म्हणून विचारायला लागली की वांगीवाली मान वर करायच्या आधीच नमस्कार करायची. उंच, हाडकुळी, लांब बोटांची, आणि नाकाच्या शेंड्यावर राग. मला तो राग वारशात मिळालाय असं घरात सगळे म्हणतात. मिळाला असेल. बाकी काही मिळालं नाही, निदान हे तरी.

अत्तेचं लग्न झालं नाही. त्यात काही मोठी कहाणी नाही. तंजावरकडे येऊन राहिलेली आम्ही मराठी माणसं. स्थळं शोधायची तर हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी घरं. एका घरात पत्रिका जुळेना, दुसऱ्या घरात माणसं जुळेनात, तेवढ्यात आजोबा गेले, धाकट्या श्रीविद्या अत्तेचं जमलं, मग अप्पांनी पितळी भांड्यांचं दुकान काढलं, आणि पंकजा अत्तेचं राहून गेलं. राहून गेलं म्हणजे ती राहून गेली, त्याच घरात. सकाळी उठून कापीचं, म्हणजे कॉफीचं, डिकॉक्शन घालायचं, नोकरीला जायचं, संध्याकाळी येऊन परसात फिरायचं. माझ्या आठवणीत त्या घरातली पहिली कापी नेहमी तिच्या हातची आहे. डबरा-तांबली, म्हणजे वाटी-पेला, घेऊन ती सगळ्यांपुढे ठेवायची आणि स्वतःची उभ्या उभ्या स्वयंपाकघरात प्यायची.

आणि नवरात्रात ती माळ बांधायची.

आमच्या घरात तमिळ शेजाऱ्यांसारखा कोलू मांडतात, पायऱ्यापायऱ्यांवर बाहुल्या, पुढे नाचणी पेरून केलेली इवलीशी बाग. पण त्याच्यावर, वरच्या पायरीच्या दिव्यापासून थेट दाराच्या चौकटीपर्यंत, एक माळ लागते. ती आमची. तिच्यात विकतचं एक फूलही चालत नाही. परसात आलेलं चालतं, नाहीतर शेजाऱ्याकडे मागितलेलं. कोवैची लाल फळं, मणत्तक्काळीचे, म्हणजे कामोणीचे, काळेभोर घोस, कढीलिंबाची जांभळी फळं, तुळशीच्या मंजिऱ्या, क्रोटनची पिवळी-तांबडी पानं, मधे मधे अबोली आणि दवणा. फुलं दुसऱ्या दिवशी मान टाकतात, ती बदलायची. पानं आणि फळं मात्र नऊ दिवस तग धरतात. दसऱ्याला माळ उतरवून कावेरीत सोडायची.

बांधायची ती केळीच्या सोपटावर. वाळलेलं सोपट पाण्यात भिजवायचं, बोटभर रुंद होतं त्याचे नखानं दोरे काढायचे, त्यांना अत्ते नार म्हणायची. एक टोक पायाच्या अंगठ्याला गुंडाळायचं आणि दोन देठ इकडे, दोन देठ तिकडे, वरून वेढा, खालून फास. फळ पूर्ण पिकलेलं घ्यायचं नाही, देठाशी हिरवी रेघ असलेलं घ्यायचं. नाहीतर फास बसताना फुटतं आणि रस देवीच्या अंगावर. अत्ते बोलता बोलता बांधायची. रागवता रागवताही बांधायची. हात थांबायचे नाहीत.

आता मुख्य गोष्ट. या माळेत घरातल्या लेकींच्या विती असतात. माळेचा बराचसा भाग घराचा, तो घरात राहणाऱ्यांनी बांधायचा. पण घरातून बाहेर गेलेल्या प्रत्येक लेकीसाठी एक वीत सोपट मोकळं ठेवायचं. थोरलीची वीत दिव्याजवळ, मग तिच्या पाठची, मग त्यांच्या भाच्या. नऊ दिवसांत लेक कधीही आली की तिनं आपल्या हातानं आपली वीत भरायची. दुसऱ्या कुणी हात लावायचा नाही. नाही आली, तर तेवढी माळ उघडी राहते, नुसतं सोपट. येणाऱ्याजाणाऱ्याला माळ पाहूनच कळतं, कोण आली, कोण नाही. श्रीविद्या अत्ते कोइमतूरहून यायची. एका वर्षी तिला कावीळ झाली म्हणून आली नाही, तेव्हा ती उघडी वीत पाहून अप्पा नऊ दिवस नीट जेवले नव्हते. असं ते साधं सोपट, पण जिवाला लागतं.

मी लहान होते, नऊ-दहा वर्षांची असेन. श्रीविद्या अत्ते आपली वीत भरत बसली होती आणि पंकजा अत्ते तिला देठ जुळवून देत होती. मी विचारलं, “अत्ते, तुझी वीत कुठली?”

पंकजा अत्ते हसली. “माझी? असकी माळ माझीच की ग!”

असकी म्हणजे सगळी. आमच्या मराठीतला हा शब्द ऐकून पुढे शिकायला गेले तेव्हा पुण्यातल्या मैत्रिणी हसायच्या. त्या दिवशी घरातले सगळेही हसले, मीही. हसून झाल्यावर अत्तेनं माळेचं उरलेलं सोपट हातावर धरलं. वीतभर होतं. ते तिनं थोडा वेळ तसंच धरलं, मग कात्रीनं कापलं आणि टोपलीत टाकलं. मला तेव्हा त्यातलं काही कळलं नाही. पण ते कापणं मात्र आठवणीत राहिलं, का कोण जाणे.

माझी अम्मा, महालक्ष्मी, या माळेला कधी शिवायची नाही. त्यालाही कारण होतं. लग्न होऊन आली त्या पहिल्या नवरात्रात तिनं हौसेनं माळेचा एक भाग बांधला, आणि बांधला तो शिवणाच्या दोऱ्यानं, कारण तिच्या माहेरी तंजावरला तसंच करायचे. पंकजा अत्तेनं सगळ्या बायकांसमोर तो भाग कापला आणि पुन्हा सोपटावर बांधला. बोलली काही नाही. बोलली असती तर बरं झालं असतं, असं अम्मा अजून म्हणते. तेव्हापासून नवरात्रातलं सुंडल, म्हणजे कडधान्याची उसळ, अम्माचं, नैवेद्य अम्माचा, माळ अत्तेची. दोघींची एकमेकींवर माया नव्हती असं नाही. अम्माला टायफॉइड झाला तेव्हा अत्तेनं तिच्या उशाशी बसून रात्री काढल्या. पण माळ म्हटलं की अम्मा स्वयंपाकघरात जायची.

मग माझं लग्न झालं, मी त्रिचीला गेले, आणि माळेत माझीही वीत आली. पहिल्या वर्षी मी ती अशी काही बांधली की दुसऱ्या दिवशी अर्धी फळं कोलूतल्या दशावतारांवर गळून पडली. मत्स्यावताराच्या तर थेट डोक्यावर. अत्ते म्हणाली, “राहूं दे. तुझी वीत, तुझी फजिती.” आणि तिनं खरंच हात लावला नाही. नियम म्हणजे नियम.

दोन वर्षांपूर्वीच्या चैत्रात पंकजा अत्तेनं जेवताना जाहीर केलं, “मी गोविंदपुरमला राहायला जातें.”

गोविंदपुरम काही दूर नाही. तिरुविडैमरुदूर ओलांडलं की आलंच. बसनं जाऊन दुपारच्या जेवणाला परत येता येतं. तिथल्या विठ्ठलाच्या भजनाला अत्ते दर एकादशीला जायचीच. पण गुडघे कुरकुरायला लागले, बसच्या पायऱ्या चढवेनात. देवळाजवळ दोन खोल्या रिकाम्या होत्या, विठ्ठलाला तुळशीच्या माळा करणारं माणूस हवं होतं, आणि अत्तेनं कुणाला न विचारता होकार देऊन टाकला होता.

अप्पा म्हणाले, “कां अक्का? इथें काय कमी आहे?”

“कमी नाहीं. म्हणून तर जातें.”

हे उत्तर अप्पांना कळलं नाही. अम्माला तर ते ऐकूच आलं नाही, तिच्या डोक्यात एकच वाक्य फिरत होतं आणि ते तिनं बोलूनही टाकलं. “गल्लींत असकीं काय म्हणतील? म्हाताऱ्या नणंदेला घराबाहेर काढलें म्हणतील. तुम्हांला चालेल, अक्का? मला तोंड दाखवायचें आहे ना.”

अत्ते म्हणाली, “म्हणूं देत. थकतील म्हणून म्हणून.”

ती गेली तेव्हा अम्मा दारात आलीच नाही. देव्हाऱ्यासमोर बसून होती. नंतर फोनवर माझ्याशी रडली आणि वर मलाच झापलं, की तू अत्तेचं बोलणं मनावर घेऊन तिला समजावलं का नाहीस. मी त्रिचीत, अत्ते कुंभकोणमात, आणि समजावायचं मी! पण आमच्या घरात दोन मोठ्या माणसांचं पटेनासं झालं की ठोकायला मधलं माणूस लागतं, आणि ते मीच असते.

आडी महिन्यात, म्हणजे आषाढात, मी गोविंदपुरमला अत्तेकडे गेले. खोल्या लख्ख होत्या. दारात कुंडीत दवणा, खिडकीत तुळशीचा भारा. तिनं मला कापी दिली आणि स्वतःची घेऊन माझ्यासमोर बसली. हे मी पहिल्यांदाच पाहत होते, अत्तेचं बसून कापी पिणं.

“अत्ते, खरं सांग. अम्माशी काही बिनसलं?”

“नाहीं ग. महालक्ष्मी चांगली आहे. रागीट आहे, पण चांगली आहे.” हे रागीट कोण म्हणतंय ते पाहा. मग ती थोडा वेळ तुळशीची पानं खुडत राहिली आणि म्हणाली, “घर सोडून पाहायचें होतें, नित्या. श्रीविद्या गेली, तूं गेलीस. असक्या गेल्या आणि असक्या आल्या. जातांना रडल्या, येतांना हसल्या. मी दारांतच उभी. कुणाला पोंचवायला, कुणाला घ्यायला. मी कुठें गेलेंच नाहीं, तर येऊं कशी?”

मला ती उरलेली, कापलेली वीत आठवली. मी तिला म्हटलं, “मग नवरात्रात ये की.”

“बोलावलें तर येईन,” अत्ते म्हणाली. “लेकीला बोलावतात. न बोलावतां येते ती मोलकरीण.”

झालं. मी कुंभकोणमला येऊन अम्माला सांगितलं, तर अम्मा ताडकन उठली.

“बोलावूं? मी? त्यांच्याच घरीं यायला त्यांना बोलावूं? कुंकू घेऊन जाऊं आणि सांगूं, या हो पाहुण्या? म्हणजे मी आपल्या तोंडानें सांगायचें कीं हें घर आता तुमचें नाहीं. मेलें तरी नाहीं बोलावणार!”

आता यात चूक कुणाची ते सांगा. बोलावलं तर अत्ते परकी ठरते, म्हणून अम्मा बोलावणार नाही. न बोलावलं तर अत्ते माहेरवाशीण ठरत नाही, म्हणून अत्ते येणार नाही. दोघी एकमेकींच्या मायेपायीच अडून बसलेल्या. इकडे आड, तिकडे विहीर, आणि मधे मी, बसचं तिकीट हातात घेऊन. सुंभ जळला तरी पीळ जळत नाही म्हणतात. आमच्याकडे तर सुंभ जळायलाच तयार नव्हता. अप्पा दुकानात जाऊन पितळेचे हंडे पुसत बसले.

नवरात्राच्या आदल्या दिवशी मी माहेरी आले. कोलू मांडून झाला होता. माळेचा पत्ता नव्हता. अप्पा चाचरत म्हणाले, “या वर्षीं बाजारांतून फुलांचा सर आणूं कां?” अम्मानं त्यांच्याकडे अशी नजर टाकली की ते चप्पल शोधायला लागले.

सकाळी अम्मा पदर खोचून परसात गेली. काठीनं पोपट हाकलले. पोपटांनी तिचं काही ऐकलं नाही, अर्धे तिथेच बसून राहिले. कोवै तोडली, मणत्तक्काळीचे घोस तोडले, अलमेलु मामींकडे जाऊन कढीलिंबाची फळं मागून आणली. आणि आदल्या रात्रीच भिजत घातलेलं सोपट बादलीतून काढून ती कोलूसमोर बसली. एवढ्या वर्षांत पहिल्यांदा. मी पुढे सरकले तर म्हणाली, “उगी राहा. मी करतें.”

तिनं पहिल्यांदा एक टोक दिव्याच्या खिळ्याला बांधलं. मग तिथून सोपटावर स्वतःच्या हाताची वीत टाकली. थांबली. मान हलवली. “अक्कांचा हात मोठा आहे,” असं स्वतःशीच पुटपुटली आणि अजून थोडं सोपट सोडून तिथे खुणेची गाठ मारली. तिथून पुढे बांधायला सुरुवात केली.

अप्पा दारातून पाहत होते. ते हळूच म्हणाले, “पण अक्का सासरीं कुठें गेली आहे? वीत तर…”

“घरांतून गेली ना?” अम्मा मान वर न करता म्हणाली. “मग झालें.”

अप्पांनी चष्मा काढला, पुसला, आणि पुन्हा पुसला.

माळ कशी झाली ते विचारू नका. फळं पिकून पाणी झालेली घेतली होती, फास बसला की फुटायची. अम्माचे हात कोपरापर्यंत लाल. फास सैल, पानं उलटी, मधेच घोस, मधेच काहीच नाही. श्रीविद्या अत्तेची वीत मोकळी, माझी वीत मोकळी. माझी मी भरली आणि आयुष्यात प्रथमच माझी वीत माळेतली सगळ्यात चांगली दिसली. पण दिव्याजवळ, अगदी सुरुवातीला, एक वीत आणि वर थोडं जास्त सोपट उघडं होतं, आणि माळ पाहायला आलेल्या प्रत्येक बाईची नजर आधी तिथेच जात होती. कुणी विचारलं की अम्मा सांगायची, “अक्कांची आहे. यायच्या आहेत.” बाई विचारायची, “केव्हा?” अम्मा सुंडल पुढे करायची.

दुसरा दिवस गेला. तिसऱ्या दिवशी सकाळी अम्मानं माझ्या हातात एक पुडकं दिलं. केळीच्या पानात गुंडाळलेलं, वरून ओला पंचा. “गोविंदपुरमला जा. दे त्यांना.”

“काय सांगू?”

“कांहीं सांगूं नको. दे.”

बसमध्ये मी ते मांडीवर घेऊन बसले. दवण्याचा वास येत होता. शेजारची बाई म्हणाली, पूजेला वाटतं. मी म्हटलं, “होय, तसंच.”

अत्ते खोलीत तुळशी निवडत बसली होती. मला पाहून चेहरा फुलला आणि मग लगेच आवळला. “महालक्ष्मीनें पाठवलें?”

मी पुडकं दिलं. तिनं ओला पंचा काढला, पान उघडलं. कोवैची फळं, मणत्तक्काळीचा घोस, अबोली, दवण्याच्या काड्या, क्रोटनची चार पानं. माळा बांधणारीची नजर तिची; तिनं एकेक फळ उचलून देठ पाहिला.

“इतकीं पिकलेलीं कां घेतलीं? फासांत फुटतील.” मग तिचे हात मंदावले. तिनं सगळं पानावर एका ओळीत लावलं, दोन इकडे, दोन तिकडे, जसं बांधायचं तसं, आणि वर आपला हात पसरला. सगळं हाताखाली मावलं. एक वीतभरच होतं. कमी नाही, जास्त नाही.

“नार कुठें आहे?” तिनं विचारलं. तिचा आवाज बदलला होता. “नार पाठवली नाहीं?”

“सोपट घरी आहे, अत्ते. माळेलाच आहे. दिव्याजवळची पहिली वीत. अम्मानं मोकळी ठेवलीय.”

अत्तेनं ती फळं पुन्हा पानात गुंडाळली, मग सोडली, मग पुन्हा गुंडाळली. मी तिला कधी रडताना पाहिलं नव्हतं, तेव्हाही पाहिलं असं म्हणता येणार नाही, कारण ती उठून पाठमोरी झाली आणि ट्रंक उघडून बराच वेळ काहीतरी शोधत राहिली.

“बोलावणं केलं नाही म्हणून येणार नाहीस ना?” मी मुद्दामच विचारलं. राग माझ्यातही आहेच.

“गप्प बस,” ती म्हणाली. “कुठलें लुगडें नेसूं सांग.”

तिनं हिरवं नेसलं. बाहेर पडताना शेजारणीला सांगितलं, “माहेरीं जातें. नवमी करूनच येईन.” बसची पायरी चढताना गुडघा दुखला तरी तोंडातून हूं की चूं नाही. वाटेत एकदाच बोलली. “सोपट भिजवलें होतें ना तिनें? कोरडें बांधलें नाहीं ना?” मी म्हटलं, भिजवलं होतं, आदल्या रात्रीपासून. ती खिडकीबाहेर भाताची शेतं पाहत राहिली.

दारात अम्मा उभी होती. तांब्याभर पाणी घेऊन. कोण येणार ते तिला कुणी कळवलं नव्हतं. सकाळपासून दर बसला ती दारात येऊन जात होती, असं अप्पांनी नंतर सांगितलं. अत्ते उंबऱ्याशी थांबली. ज्या उंबऱ्यावरून जन्मभर आत-बाहेर केलं, तिथे पाय अडखळल्यासारखी उभी राहिली. अम्मानं खाली वाकून तिच्या पायांवर पाणी घातलं, कपाळाला कुंकू लावलं. माहेरवाशिणीला करतात तसं.

“या,” अम्मा म्हणाली.

“आलें,” अत्ते म्हणाली.

कोलूसमोर येऊन अत्तेनं माळ पाहिली. टोकापासून टोकापर्यंत. ती सैल माळ, ते उलटं क्रोटन, ती फुटकी फळं. ती मोकळ्या वितीशी गेली आणि आपला हात पसरून सोपटावर ठेवला.

“बोटभर जास्तच सोडली आहेस.”

“असूं दे,” अम्मा म्हणाली. “थोरलीची आहे.”

अत्ते खाली बसली. बोलता बोलता माळा बांधणारी बाई, पण त्या दिवशी एक शब्द बोलली नाही. दोन देठ इकडे, दोन तिकडे, वरून वेढा, खालून फास. एरवी जेवढ्या वेळात ती हातभर माळ बांधायची, तेवढ्या वेळात बोटभर बांधत होती. पिकलेलं एकही फळ तिच्या हाताखाली फुटलं नाही. शेवटची गाठ मारून तिनं वेढ्याच्या दोऱ्याचं टोक दातानं तोडलं. ती वीत त्या सबंध माळेत अशी काही दिसत होती, की अलमेलु मामी आल्या आणि दारातच म्हणाल्या, “पंकजाक्का आल्या का?”

अम्मानं घाईघाईनं फळांची टोपली अत्तेपुढे सरकवली. “अक्का, बाकीची फार सैल झाली आहे हो. मला नाहीं जमली. जरा पाहा ना, पहिल्यापासून बांधून टाका.”

अत्तेनं टोपलीकडे पाहिलं, माळेकडे पाहिलं. मला अम्माकडून ऐकलेलं ते जुनं आठवलं, सगळ्यांसमोर कापलेला अम्माचा भाग. अत्तेनं ओल्या पंच्याला हात पुसले, उठली आणि झोपाळ्यावर जाऊन बसली. पाय वर घेऊन, मांडी घालून. त्या घरात तिला तसं बसलेलं मी कधी पाहिलं नव्हतं.

“ती घराची आहे. घरच्यांनीं बांधलेली आहे. तशीच राहूं दे,” ती म्हणाली. “आणि मी माहेरीं आलें आहें, महालक्ष्मी. माहेरीं कुणी काम करतें कां? कापी आण.”

अम्मा क्षणभर तिच्याकडे पाहत राहिली. मग तोंडाला पदर लावून हसत, की रडत, आत गेली. डबरा-तांबलीचा आवाज आला. अम्मा कापी घेऊन आली, आणि अत्तेनं झोपाळ्यावर बसून, घोट घोट करत, सगळी प्यायली.